‘थ्रिलर’ : चार दशकांनंतरही ताजा राहिलेला ध्वनी

लोकप्रिय संगीताचे आयुष्य अल्प असते, असा एक सर्वसाधारण समज आहे आणि तो फारसा चुकीचाही नाही. एका मोसमात गल्लोगल्ली वाजणारे गाणे पुढच्या मोसमात कोणाच्या ओठांवर उरत नाही. त्यातही ज्या गाण्यांत त्या त्या काळची नवी यंत्रे मिरवलेली असतात, ती इतरांहून लवकर शिळी होतात. १९८० च्या दशकातील पाश्चात्त्य पॉप संगीताला हा शाप विशेषच बाधला. ड्रमवर चढवलेला अवाजवी घुमारा, सिंथेसायझरचे चकचकीत पण पोकळ स्वर यांमुळे त्या काळातील पुष्कळशी गाणी ऐकताक्षणी त्यांचे साल सांगता येते.

या पार्श्वभूमीवर मायकेल जॅक्सनचा ‘थ्रिलर’ हा अल्बम अपवाद ठरतो. नोव्हेंबर १९८२ च्या अखेरीस तो बाजारात आला. नऊ गाणी आणि एकूण सुमारे ४२ मिनिटांचे संगीत, एवढाच त्याचा विस्तार. या नऊपैकी सात गाणी अमेरिकेतील पहिल्या दहा क्रमांकांत पोहोचली. ‘बिलबोर्ड’च्या यादीत हा अल्बम एकूण ३७ आठवडे अग्रस्थानी होता. १९८३ आणि १९८४ अशी सलग दोन वर्षे तो अमेरिकेतील सर्वाधिक खपाचा अल्बम ठरला. २०२१ साली तेथील ध्वनिमुद्रण उद्योगाच्या संघटनेने त्याला ३४ पट प्लॅटिनमचे प्रमाणपत्र दिले. जगातील सर्वाधिक विक्रीचा अल्बम म्हणून आजही त्याचेच नाव घेतले जाते.

या यशाची ठरावीक कारणे सर्वांनाच पाठ आहेत. मे १९८३ मध्ये दूरचित्रवाणीवरून दिसलेली जॅक्सनची ‘मूनवॉक’ची चाल, जॉन लँडिस यांनी दिग्दर्शित केलेली ‘थ्रिलर’ची जवळजवळ चौदा मिनिटांची चित्रफीत, नुकतीच सुरू झालेली ‘एमटीव्ही’ वाहिनी, या सर्वांचा विक्रीत मोठा वाटा होता, यात शंका नाही. परंतु ही सारी कारणे डोळ्यांसाठी आहेत. डोळे मिटून ऐकले तरी हा अल्बम आजही जुना का वाटत नाही, या प्रश्नाचे उत्तर त्यांत सापडत नाही. ते उत्तर ध्वनीत शोधावे लागते. अधिक नेमके सांगायचे तर, ध्वनींच्या मधल्या मोकळ्या जागांत शोधावे लागते.

तीन माणसे, तीन वाटा

‘थ्रिलर’च्या निर्मितीत अनेक वादक आणि गीतकार सहभागी होते. तथापि त्याच्या ध्वनीला आकार दिला तो मुख्यतः तिघांनी. पहिला अर्थातच मायकेल जॅक्सन. अल्बम प्रसिद्ध झाला तेव्हा तो अवघा २४ वर्षांचा होता. मात्र लहानपणापासून स्टुडिओत वावरल्यामुळे ध्वनिमुद्रणाचा त्याचा अनुभव दीड दशकाच्या आसपास पोहोचला होता. स्वरलेखनाच्या आधारावाचून तो गाणी रचत असे. ठेका, बेस, साथीचे स्वर असे प्रत्येक अंग तो तोंडाने गाऊन फितीवर उतरवी आणि वादकांकडून तसेच वाजवून घेई.

दुसरे क्विन्सी जोन्स. मूळचे ट्रम्पेटवादक असलेले जोन्स जॅझ संगीतात घडले. पॅरिसमध्ये नादिया बुलांजे यांच्याकडे त्यांनी पाश्चात्त्य अभिजात रचनेचे शिक्षण घेतले. काउंट बेसी आणि फ्रँक सिनात्रा यांच्यासाठी त्यांनी संगीतसंयोजन केले. कोणते वाद्य केव्हा वाजवावे यापेक्षा ते केव्हा थांबवावे, याची जाण मोठ्या वाद्यवृंदात काम केलेल्या संयोजकाला अधिक असते. ती जाण त्यांनी पॉप संगीतात आणली.

तिसरे नाव सामान्य श्रोत्याला फारसे परिचित नाही, ते ध्वनिमुद्रक ब्रूस स्विडीन यांचे. शिकागोत काम शिकलेल्या स्विडीन यांनी ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी यांच्यासारख्या जॅझ कलावंतांचे आणि शिकागो सिम्फनी ऑर्केस्ट्राचेही ध्वनिमुद्रण केले होते. एखाद्या दालनात माणसे प्रत्यक्ष वाजवत असताना जो ध्वनी हवेत पसरतो, तो त्यांच्या कानांचा मापदंड होता. आवाजातील चढउतार यंत्राने दाबून सपाट करणाऱ्या ‘कॉम्प्रेसर’ या उपकरणाविषयीची आपली नावड ते उघडपणे बोलून दाखवत. या नावडीचे महत्त्व पुढे लक्षात येईल. ‘थ्रिलर’च्या ध्वनिमुद्रणासाठी १९८४ साली त्यांना ग्रॅमी पुरस्कार मिळाला.

याच तिघांनी १९७९ साली ‘ऑफ द वॉल’ हा अल्बम केला होता. तो भरपूर खपला, परंतु ग्रॅमी पुरस्कारांत त्याची दखल केवळ कृष्णवर्णीयांच्या संगीतासाठी राखून ठेवलेल्या एका विभागापुरती घेतली गेली. ही सल जॅक्सनच्या मनात राहिली. पुढचा अल्बम असा असावा की त्यातील एकही गाणे भरतीचे वाटू नये, हा त्याचा आग्रह तेथून सुरू झाला.

फितीची झीज आणि तिच्यावरचा उपाय

एप्रिल १९८२ मध्ये लॉस एंजेलिसच्या वेस्टलेक स्टुडिओत काम सुरू झाले. त्या काळी ध्वनिमुद्रण चुंबकीय फितीवर होत असे. दोन इंच रुंदीच्या फितीवर चोवीस समांतर पट्ट्या, म्हणजे ‘ट्रॅक’, असत. एकावर किक ड्रम, दुसऱ्यावर बेस, तिसऱ्यावर गायकाचा आवाज, अशी ती विभागणी असे. या पद्धतीत एक मोठी अडचण होती. आधी ड्रम आणि बेस मुद्रित करायचे, मग तीच फीत पुन्हा पुन्हा वाजवून तिच्यावर एकेक वाद्य आणि गायन चढवायचे, असा क्रम असे. काम महिनोन्महिने चाले आणि फीत शेकडो वेळा यंत्राच्या मुखावरून घासत जाई. प्रत्येक फेरीत तिच्यावरील चुंबकीय थराची किंचित झीज होई. या झिजेत सर्वांत आधी बळी पडतात ते वरच्या पट्टीतील सूक्ष्म ध्वनी. झांजेची किणकिण, ड्रमवर काठी आदळण्याचा पहिला टणत्कार यांची धार त्यामुळे बोथट होते. अल्बम पूर्ण होईपर्यंत ठेक्यातील तजेला निघून गेलेला असे.

स्विडीन यांनी यावर काढलेला तोडगा साधा, पण दूरदृष्टीचा होता. चोवीस ट्रॅकची दोन यंत्रे एका कालसंकेताच्या साह्याने परस्परांशी जोडायची, म्हणजे ती एकाच गतीने चालतील. मूळ ठेका एका फितीवर मुद्रित झाला की त्याची कामापुरती एक नक्कल दुसऱ्या फितीवर घ्यायची आणि मूळ फीत कपाटात ठेवून द्यायची. पुढचे सारे गायन-वादन त्या नकलेच्या आधाराने करायचे. अखेरच्या मिश्रणाच्या वेळी मात्र मूळ फीत बाहेर काढायची. तोवर ती जेमतेम काही वेळाच वाजलेली असे, त्यामुळे ड्रमचा आघात पहिल्या दिवसाइतकाच ताजा उमटे. या पद्धतीला त्यांनी ‘ॲक्युसॉनिक’ असे नाव दिले.

तिचा दुसरा लाभ असा, की ट्रॅकची टंचाई संपली. एरवी जागा वाचवण्यासाठी अनेक वाद्ये एका ट्रॅकवर एकत्र करावी लागत. येथे प्रत्येक स्वरसमूह डावा आणि उजवा असा जोडीने मुद्रित करता आला. त्यामुळे तो एका बिंदूतून न येता, दालनात प्रत्यक्ष पसरावा तसा श्रोत्यासमोर पसरतो.

‘बिली जीन’ची पहिली २९ सेकंदे

या साऱ्याचा परिणाम अनुभवायचा असेल तर ‘बिली जीन’ या गाण्याचा आरंभ लक्षपूर्वक ऐकावा. गायकाचा पहिला शब्द येण्यापूर्वी जवळजवळ २९ सेकंदे जातात. प्रारंभी केवळ ड्रम. काहीही सजावट नसलेला, घड्याळासारखा सरळ ठेका. दोन आवर्तनांनंतर बेस गिटार त्यात मिसळते आणि एकच लहानशी आकृती घोटत राहते. त्यानंतर सिंथेसायझरचे आखूड स्वरमेळ येतात. त्या प्रत्येकानंतर थोडा अवकाश सोडलेला आहे. तबल्याचा साधा, स्वच्छ ठेका ख्याल गायकाला जशी विस्ताराला जागा देतो, तसेच काहीसे येथे घडते.

जोन्स यांना हा आरंभ फार लांबलेला वाटत होता आणि तो कापावा असे त्यांचे मत होते. नेमका हाच भाग ऐकून मला नाचावेसे वाटते, असे जॅक्सनने त्यांना सांगितले आणि जोन्स यांनी माघार घेतली. ही आठवण स्वतः जोन्स यांनीच पुढे अनेकदा सांगितली.

या ड्रमच्या आवाजामागे मोठी सिद्धता होती. ते वाजवले लिऑन ‘एनडुगु’ चॅन्सलर यांनी. त्यांच्या वाद्यांसाठी स्विडीन यांनी जमिनीपासून उचललेला लाकडी मंच करून घेतला, कारण फरशीला टेकलेल्या ड्रमचा कंप खोलीभर पसरतो आणि ध्वनी गढूळ होतो. किक ड्रमवर मायक्रोफोनपुरती फट ठेवलेले आवरण घातले. स्नेअर आणि झांजांच्या मध्ये लाकडी आडोसा ठेवला, म्हणजे एकाचा आवाज दुसऱ्याच्या मायक्रोफोनमध्ये शिरू नये. लुई जॉन्सन यांच्या बेस गिटारच्या जोडीला सिंथेसायझरचा बेस देऊन खालच्या पट्टीला वजन आणले. ऐकणाऱ्याला यांतले काहीही ठाऊक असण्याची गरज नाही. पहिल्याच सेकंदाला गाणे ओळखता येते, हीच त्या सिद्धतेची पावती.

या गाण्याच्या मिश्रणाची हकीगतही बोलकी आहे. स्विडीन यांनी त्याची एकामागून एक ९१ मिश्रणे केली. अखेरच्या मिश्रणावर ते समाधानी होते. जोन्स यांनी मात्र सहज म्हणून दुसऱ्या क्रमांकाचे मिश्रण पुन्हा ऐकण्याची सूचना केली. ते वाजले आणि सर्वांनी एकमताने तेच निवडले. उरलेल्या ८९ प्रयत्नांत आवाज अधिक घोटीव झाला असेल, पण पहिल्या उमेदीतील जिवंतपणा ओसरला होता. परिपूर्णतेच्या मागे लागलेल्या प्रत्येकाने ध्यानात ठेवावी अशी ही गोष्ट आहे.

खोलीचाही आवाज असतो

जॅक्सनच्या आवाजाचे मुद्रण करताना स्विडीन यांनी आणखी एक युक्ती योजली. साथीचे स्वर तो स्वतःच गात असे. एकदा मायक्रोफोनजवळ उभे राहून, तीच ओळ पुन्हा तशीच, आणि नंतर दोन-चार पावले मागे सरकून. दूर उभ्या राहिलेल्या गायकाचा स्वर मायक्रोफोनपर्यंत पोहोचतो तेव्हा त्याच्यासोबत भिंतींवरून परतलेले ध्वनीही येतात. हे सर्व थर एकत्र केले की एकाच माणसाच्या आवाजातून खोली असलेला समूह उभा राहतो. कृत्रिम घुमारा देणाऱ्या यंत्राने ही खोली येत नाही. त्या काळच्या इतर पॉप अल्बमांवर कृत्रिम घुमाऱ्याचा शिक्का बसला आणि ‘थ्रिलर’ त्यातून बऱ्याच अंशी सुटला, त्याचे एक कारण येथे सापडते.

जॅक्सन दिवे मालवून, अंधारात गात असे. गाताना त्याचे पाय थिरकत, तो चुटक्या वाजवी, श्वास जोराने ओढी. दुसऱ्या एखाद्या ध्वनिमुद्रकाने हे आवाज दोष समजून गाळले असते. स्विडीन यांनी ते मुद्दाम राखले. आज हेडफोन लावून ऐकताना हे बारीक आवाज कानावर पडतात, तेव्हा समोर यंत्र नसून घाम गाळणारा माणूस आहे, याची जाणीव होते. ‘बिली जीन’मधील काही पूरक ओळी तर त्याने पुठ्ठ्याच्या लांब नळीतून गायलेल्या आहेत. ‘थ्रिलर’ या गाण्यात लांडग्याच्या आरोळ्या हव्या होत्या. स्विडीन यांनी आपल्या धिप्पाड ग्रेट डेन कुत्र्यावर प्रयोग करून पाहिला, पण त्याने काही दाद दिली नाही. शेवटी त्या आरोळ्याही जॅक्सननेच दिल्या.

अपघातातून चांगले घडवण्याचे कसब ‘बीट इट’ या गाण्यात दिसते. रॉक गिटारवादक एडी व्हॅन हेलन यांना त्यातील एकल वादनासाठी पाचारण करण्यात आले. त्यांनी आपल्या सोयीसाठी गाण्याची फीत कापून भागांची मांडणी बदलली. त्यामुळे दोन यंत्रांना जोडणारा कालसंकेत तुटला. एका फितीवर जॅक्सनचे गायन आणि व्हॅन हेलन यांची गिटार एवढेच शिल्लक राहिले. ड्रमवादक जेफ पोर्कारो आणि गिटारवादक स्टीव्ह ल्यूकाथर यांनी त्या दोहोंना जुळेल असे उर्वरित सारे गाणे नव्याने वाजवले. म्हणजे इमारत आधी आणि पाया नंतर, असा उलटा प्रकार झाला. जोडकाम कोठेही जाणवत नाही, हे त्या वादकांचे श्रेय होय.

ऐन वेळचा नकार

नोव्हेंबर १९८२ च्या सुमारास काम संपले. प्रकाशनाची तारीख डोक्यावर होती आणि एपिक ही कंपनी वाट पाहत होती. चाचणीची तबकडी तयार होऊन आली, सर्वजण ऐकण्यास बसले आणि खोलीत शांतता पसरली. आवाज क्षीण, चपटा आणि दूरवरून आल्यासारखा वाटत होता. स्टुडिओत जे भारदस्त ऐकू येत होते, ते तबकडीवर हरवले होते. आपल्याला रडू कोसळले, अशी कबुली जॅक्सनने ‘मूनवॉक’ या १९८८ सालच्या आत्मचरित्रात दिली आहे.

दोष कोठे होता? तबकडीवरचा ध्वनी म्हणजे एक लांबलचक, नागमोडी खाच असते. खालच्या पट्टीचा स्वर जितका जोरकस, तितकी ती खाच आडवी डुलते. शेजारच्या खाचेत ती घुसू नये म्हणून दोहोंमध्ये अंतर ठेवावे लागते. पण तबकडीचा व्यास ठरलेला आहे. एका बाजूवर अधिक मिनिटे कोंबायची तर खाचा एकमेकींजवळ आणाव्या लागतात, आणि त्यासाठी आवाजाची पातळी व बेसचा जोर दोन्ही कमी करावे लागतात. शिवाय ३३⅓ फेऱ्यांच्या गतीने फिरणाऱ्या तबकडीच्या कडेला सुईखालून सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर खाच सरकते. मध्याजवळ ही लांबी निम्म्याहूनही कमी होते. साहजिकच शेवटच्या गाण्यांतील बारकावे अधिक आक्रसतात.

‘थ्रिलर’च्या दोन्ही बाजूंवर प्रमाणापेक्षा अधिक संगीत भरले गेले होते. निदान झाले, तरी उपाय सोपा नव्हता. प्रकाशन लांबवणे म्हणजे कंपनीचा रोष ओढवणे. तरीही जॅक्सन आणि जोन्स यांनी तो अल्बम तसाच बाहेर जाऊ देण्यास नकार दिला. थोडी विश्रांती घेऊन त्यांनी एकेक गाणे पुन्हा हाती घेतले. काही कडवी आणि लांबलेले भाग कापले आणि प्रत्येक गाण्याचे मिश्रण नव्याने केले. तयार झालेल्या तबकडीच्या पहिल्या बाजूवर सुमारे २० आणि दुसऱ्या बाजूवर सुमारे २२ मिनिटांचे संगीत राहिले. बर्नी ग्रंडमन यांनी त्याचे अंतिम मास्टरिंग केले. आज आपण जो आवाज ऐकतो, तो या नकारातून जन्मला आहे. ‘बिली जीन’ची ती २९ सेकंदे या काटछाटीतूनही वाचली, हे येथे लक्षात घेण्यासारखे आहे.

मोठा आवाज म्हणजे चांगला आवाज?

दुर्दैवाने या कष्टांची कदर पुढे सर्वत्र झाली असे म्हणता येत नाही. कॉम्पॅक्ट डिस्क आली आणि तबकडीचे बंधन सुटले. सीडीवर खाचांचा प्रश्न नव्हता. ७४ मिनिटांचे संगीत सुखेनैव मावत होते. मात्र तिच्यात ध्वनीच्या पातळीला एक निश्चित कमाल मर्यादा असते. त्या छतापलीकडे आवाज जाऊ शकत नाही. छत हलवता येत नसेल तर आवाज मोठा कसा करायचा? त्यावर यंत्रांनी मार्ग काढला. ड्रमच्या आघातासारखी क्षणिक शिखरे छाटायची आणि उरलेला सारा ध्वनी वर उचलायचा. मग हळू आणि मोठा यांतील अंतर घटते आणि संपूर्ण गाणे एकाच वरच्या पातळीवर आदळत राहते.

असे करण्यामागे कानाचा एक स्वभाव आहे. तेच संगीत थोड्या मोठ्या आवाजात ऐकवले तर पहिल्या क्षणी ते अधिक चांगले वाटते. त्यामुळे आपले गाणे शेजाऱ्याच्या गाण्यापेक्षा मोठे वाजावे, अशी चढाओढ १९९० च्या दशकापासून सुरू झाली. २००८ सालच्या मेटालिका या वाद्यवृंदाच्या ‘डेथ मॅग्नेटिक’ या अल्बमच्या वेळी श्रोत्यांनीच त्याविरुद्ध जाहीर तक्रारी केल्या, इतकी ती टोकाला गेली होती. ‘थ्रिलर’ही या लाटेतून सुटला नाही. २००१ ची विशेष आवृत्ती आणि २००८ साली २५ वर्षांनिमित्त निघालेली आवृत्ती, या दोन्ही आरंभीच्या सीडीपेक्षा मोठ्या आवाजात मुद्रित झाल्या.

आता वर वर्णिलेली सिद्धता पुन्हा आठवावी. मूळ फीत कपाटात जपून ठेवली होती ती ड्रमच्या आघाताची धार टिकावी म्हणून. लाकडी मंच बांधला होता तो दोन आघातांमधली शांतता स्वच्छ राहावी म्हणून. शिखरे छाटली की नेमकी ती धार जाते आणि बाकीचा ध्वनी वर उचलला की ती शांतता भरून निघते. गाणे तेच, गायक तोच, पण ज्यासाठी एवढा खटाटोप केला तीच गोष्ट हातातून निसटते. श्रोत्याला नेमके काय गेले हे सांगता येत नाही. दोन-चार गाण्यांनंतर कान थकतात आणि तो आवाज बंद करतो, एवढेच.

समाधानाची बाब अशी, की इंटरनेटवरून गाणी ऐकवणाऱ्या प्रमुख सेवांनी आता सर्व गाण्यांची ध्वनिपातळी साधारण सारखी राखण्याची सोय केली आहे. तेथे मुद्दाम मोठे केलेले गाणे आपोआप खाली आणले जाते. मोठेपणाचा फायदा संपला की सपाटपणा तेवढा उघडा पडतो. अशा शेजारात ज्यांच्यातील चढउतार शाबूत आहेत ती जुनी ध्वनिमुद्रणे अधिक टवटवीत वाटतात.

तबकडीचा अभिमान आणि कानाची परीक्षा

यावरून तबकडीच श्रेष्ठ आणि बाकी सारे निकृष्ट, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. त्याला २०२२ साली चांगलाच धक्का बसला आणि योगायोगाने त्याच्या केंद्रस्थानीही ‘थ्रिलर’च होता. ‘मोबाईल फिडेलिटी’ ही अमेरिकी कंपनी जुन्या अल्बमांच्या महागड्या, दर्जेदार तबकड्यांसाठी प्रसिद्ध आहे. तिच्या तबकड्या थेट मूळ फितीवरून कापल्या जातात, मध्ये संगणकीय टप्पा नसतो, अशी रसिकांची श्रद्धा होती. कंपनीने ‘थ्रिलर’च्या ४०,००० प्रती काढण्याची घोषणा केली, तेव्हा जाणकारांच्या मनात शंका आली. एवढ्या प्रतींसाठी मूळ फीत पुन्हा पुन्हा वाजवण्यास तिचे मालक परवानगी देतील कसे? अखेर कंपनीच्या तंत्रज्ञांनी मान्य केले, की अनेक वर्षांपासून मूळ फितीची उच्च दर्जाची डिजिटल नक्कल घेऊन तिच्यावरून तबकड्या तयार होत होत्या.

प्रकरण न्यायालयापर्यंत गेले आणि ग्राहकांना खरी माहिती मिळाली नाही, हा आक्षेप रास्तच होता. पण त्यातून निघणारा दुसरा बोधही तितकाच महत्त्वाचा आहे. ज्या तबकड्यांची ‘अस्सल ॲनालॉग ऊब’ वर्षानुवर्षे वाखाणली गेली, त्यांत डिजिटल टप्पा होता आणि तो कोणाच्याही कानाला खटकला नव्हता. ध्वनीचा दर्जा तबकडी की सीडी यावर तितकासा अवलंबून नसतो. मूळ ध्वनिमुद्रण कसे झाले आणि नंतर त्याच्याशी कोणी किती छेडछाड केली, यावर तो अधिक अवलंबून असतो.

आकर्षण टिकते ते कशाने?

केवळ स्वच्छ आवाजाने अल्बम अजरामर होत नाही, हेही मान्य केले पाहिजे. उत्तम ध्वनिमुद्रण असलेली कितीतरी कंटाळवाणी गाणी बाजारात पडून आहेत. ‘थ्रिलर’मधील रचनाच मुळात बळकट होत्या. त्यांपैकी चार एकट्या जॅक्सनच्या आणि तीन इंग्लंडच्या रॉड टेम्परटन यांच्या. ‘ह्यूमन नेचर’ हे गाणे तर एका कॅसेटच्या शेवटी चुकून राहिलेल्या तुकड्यामुळे जोन्स यांच्या कानावर पडले. १९८५ साली माइल्स डेव्हिस यांच्यासारख्या श्रेष्ठ जॅझ वादकाने ते आपल्या ट्रम्पेटवर घेतले, यावरून त्या चालीचे मोल कळते.

शिवाय अमेरिकेत तोवर कृष्णवर्णीयांचे संगीत आणि गोऱ्यांचे रॉक संगीत यांची आकाशवाणी केंद्रे, श्रोते आणि दुकानांतील कप्पेही वेगळे होते. ‘बीट इट’मध्ये व्हॅन हेलन यांची गिटार आणि ‘द गर्ल इज माइन’मध्ये पॉल मॅकार्टनी यांचा स्वर घेऊन हा अल्बम त्या भिंतीवरून पलीकडे गेला. एका विभागात डांबले गेल्याची १९७९ ची सल अशा रीतीने फळाला आली. १९८४ च्या सोहळ्यात जॅक्सनने एकाच रात्रीत आठ ग्रॅमी पुरस्कार स्वीकारले.

त्याची लाट आपल्यापर्यंतही पोहोचली. १ नोव्हेंबर १९९६ रोजी अंधेरीच्या क्रीडा संकुलात जॅक्सनचा कार्यक्रम झाला, तेव्हा इंग्रजी गाण्यांशी एरवी फारसा संबंध नसलेले मुंबईकरही त्याच्या नावाने भारावले होते. त्या कार्यक्रमाला मिळालेल्या करमणूक कराच्या सवलतीचा वाद तर पुढे कित्येक वर्षे चालला. मैदानावरील भव्य ध्वनिक्षेपकांतून उसळणारा आवाज आणि घरी शांतपणे ऐकलेला अल्बम, या दोन सर्वस्वी भिन्न गोष्टी आहेत. पहिलीत उन्माद असतो. दुसरीत जवळीक असते, आणि टिकते ती दुसरीच.

या कलावंताच्या नावाभोवती गंभीर आरोपांची सावली आहे, हे नमूद केल्यावाचून हा विषय पुरा होत नाही. मुलांच्या लैंगिक शोषणाच्या आरोपांतून २००५ साली न्यायालयाने त्याला निर्दोष ठरवले. २००९ साली त्याचे निधन झाले आणि २०१९ च्या एका माहितीपटाने तशाच आरोपांना पुन्हा तोंड फोडले. ध्वनीची कितीही प्रशंसा केली तरी त्या प्रश्नांचे उत्तर तिच्यातून मिळत नाही. मात्र हा अल्बम एका माणसाची निर्मिती नव्हती, एवढे निश्चितपणे सांगता येते. त्यात जोन्स, स्विडीन, टेम्परटन, चॅन्सलर, जॉन्सन, पोर्कारो यांचेही श्रम आहेत. हे सारे आता हयात नाहीत. स्विडीन २०२० च्या नोव्हेंबरमध्ये गेले, जोन्स २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये.

ज्यांना हा अल्बम पुन्हा ऐकावासा वाटेल, त्यांनी एक लहानसा प्रयोग करून पाहावा. शक्य असल्यास १९८० च्या दशकातील तबकडी किंवा सीडी मिळवावी. २००१ वा २००८ ची आवृत्तीही जवळ असेल तर दोन्हींवरील ‘बिली जीन’ ऐकावे. मात्र मोठ्या वाजणाऱ्या आवृत्तीचा आवाज आधी कमी करून दोन्ही सारख्या पातळीवर आणाव्यात. मग गायकाकडे लक्ष न देता फक्त ड्रमचे दोन आघात आणि त्यांच्यामधला क्षण ऐकावा. त्या क्षणात काहीच वाजत नाही. तो रिकामा राहावा म्हणून सात-आठ महिने काही माणसे झटली होती आणि ऐन वेळी तयार अल्बम नाकारण्याइतके धैर्य त्यांनी दाखवले होते. ‘थ्रिलर’ अजून जुना झालेला नाही, त्याचे बरेचसे श्रेय त्या रिकाम्या क्षणाला आहे.